पेवातलं रीळ

मेलेल्या बायकोला बघायला माणूस रोज चार कोस चालत जातो, असं कुणी सांगितलं तर ऐकणारा म्हणेल, त्याला आधी देवरशाकडं न्या. सिद्धनाथलाही न्यायला निघाले होतेच. पण तो काही झपाटलेला नव्हता. मंगळवेढ्यात रेवणप्पाचा तंबू लागला होता, तंबूत धनगराचा पिच्चर लागला होता, आणि त्या पिच्चरात सिद्धनाथची बायको राजाबाई होती. सरळ गोष्ट होती.

पिच्चरचं खरं नाव काही का असंना, आमच्या मुलखात त्याला धनगराचा पिच्चरच म्हणत. मोठ्या लढाईच्या आधी एक कंपनी गाड्याघोडी घेऊन सिद्धनाथच्या वाडीवर आली होती. त्यांना खरा गजी पायजे होता. गजी म्हणजे आमच्याकडच्या धनगरांचा नाच. पायघोळ पांढरे झगे, डोक्याला पटके, हातात रुमाल, मधी ढोल, आणि भोवतीनं गोल धरून पोरापासनं म्हाताऱ्यापर्यंत सगळे. कंपनीनं तो सगळा यंत्रात टिपून घेतला. नाच संपताना डाव्या अंगानं एक बाई घागर घेऊन जावी, असं डायरेक्टरच्या मनात आलं. कंपनीची नटी तर उन्हानं आडवी झालेली. राजाबाई विहिरीवरनं येतच होती. तिला म्हणाले, "बाई, अशीच चालत जा. फक्त इकडं यंत्राकडं बघायचं नाही."

आता बघू नको म्हटल्यावर कोण बघायचं राहतंय? तिच्या पायात घोटाळणारं कोकरू पुढं पळालं. मागनं ती आली. कमरेवरची घागर सावरली, डोळ्यांवर आडवा हात धरला, थेट यंत्रात बघितलं आणि पदर दातात धरून हसली. डायरेक्टर चिडला. पण पिच्चर आला तेव्हा ते हसू तसंच ठेवलेलं होतं.

पुढं दोन वर्षांनी पटकीची साथ आली. राजाबाईला सकाळी जुलाब सुरू झाले आणि दिवस बुडायच्या आत तिला माती दिली. घरात फोटो नव्हता. तेव्हा धनगराच्या घरात कुणाचा असायचा? मागं राहिली ती घागर. ती जावेनं वापरायला घेतली. घागरीला काय सुतक असतंय?

तर असा सिद्धनाथ तंबूत जाऊन बसायचा, राजाबाई येऊन गेली की उठायचा आणि अंधारात वाडीची वाट धरायचा. रेवणप्पा अक्कलकोटचा लिंगायत. निम्मं कानडी, निम्मं मराठी, आणि नजर घारीची. त्यानं एके दिवशी हटकलं.

"ये धनगरा, बा इल्ली, इकडं ये. रोज तिकीट काढतो, आणि पिच्चर संपायच्या आत उठून जातो. का रे? पसंत नाही काय?"

"माझं काम झाल्यालं असतंय, मालक."

"काय काम?"

सिद्धनाथनं सांगितलं. रेवणप्पानं कपाळाचा विभूतीचा पट्टा खाजवला. मग म्हणाला, "मग तिकिटाला पैसा कशाला घालवतो, खुळ्या? उद्यापासून इंजनाला पाणी घाल. फुकट बघ."

मेंढरं भावाच्या गळ्यात घालून सिद्धनाथ तंबूबरोबर निघाला. आधी इंजनाला पाणी, मग तंबूच्या मेखा, मग रीळ गुंडाळायला, आणि सरतेशेवटी यंत्रावर. कुर्डुवाडी, मोडनिंब, श्रीपूर, आणि संक्रांतीला सोलापुरात गड्ड्याची जत्रा. जिथं तंबू तिथं तो. लोक त्याला सिदू ऑपरेटर म्हणू लागले. यंत्रात कार्बनच्या दोन कांड्या जळायच्या, त्यांचा पांढराफटक उजेड डोळ्यांत घुसायचा. दुसरे ऑपरेटर काळी काच लावून बघायचे. हा राजाबाईच्या वेळेला काच काढून ठेवायचा. काचेतनं बायको काळी दिसती, म्हणायचा.

भावानं दुसरी बायको करून दिली. पाटाची. चांगली कामाची बाई होती. एक हंगाम ती तंबूबरोबर हिंडली, आणि एका सकाळी गाठोडं बांधून उभी राहिली. म्हणाली, "सवत जिती असती तर झिंज्या धरल्या असत्या. हिच्या कुटं धरू? पडद्याला?" गेली ती गेलीच. सिद्धनाथनं तिला दोष दिला नाही आणि परत आणायलाही गेला नाही.

वर्षं अशी गेली. राजाबाई होती त्याच वयाची राहिली, हा पिकत गेला.

मधी मुंबईच्या वाटप करणाऱ्यांना वाटलं, पिच्चर लांबलाय, गजी कशाला एवढा? त्यांनी नव्या कापींतनं तो अख्खा नाच काढून टाकला. नाचाबरोबर घागरवाली बाईही गेली. शहरागावच्या लोकांनी मग तसाच पिच्चर बघितला आणि वाखाणला. पण रेवणप्पाकडची कापी जुनी, पहिल्या वेळची. तिच्यात सगळं होतं. आणि मग हुकूम आला की जुन्या जातीची फिलम पेट घेते, तंबूत चालवायची नाही. रेवणप्पानं डबे मोडीत काढले. फिलम धुऊन चांदी काढणारे लोक सोलापुरात यायचे, त्यांना पोत्यानं देऊन टाकले. सिद्धनाथनं एकच डबा मागितला.

"काय माडती, काय करणार त्याचं?" रेवणप्पा म्हणाला. "तुझ्याकडं ना यंत्र, ना पडदा. चाटून खाणार काय?"

"ठेवणार."

"कशाला?"

"बी ठेवत्यात तसं."

इथंच ती गोष्ट घडली, जी पुढं नडली. पण तेव्हा कुणालाच कळण्यासारखी नव्हती. आणि तुम्ही-आम्ही त्या मातीतले असतो, तर आपणही तेच केलं असतं.

आमच्याकडं जोंधळा ठेवायचा तो पेवात. गावच्या पांढरीत, म्हणजे वस्तीखालच्या पांढऱ्या मातीत, खोल खड्डा खणायचा, वर तोंड लहान, आत पोट मोठं. कडेनं काड लावायचं, दाणा ओतायचा, तोंडावर फरशी टाकून मातीनं लिंपायचं. वारा लागला नाही की वर्षानुवर्षं कीड नाही. त्यातही शहाणपण असं, की कडेचा दाणा भिंतीच्या ओलीनं काळा पडतो, वरचा कुबट होतो. मधला मात्र सोन्यासारखा राहतो. म्हणून बियाणं मधी. हे पोराठोरांनाही ठाऊक असतं.

खेळ संपल्यावर फिलमचा शेवट बाहेरच्या अंगाला येतो. ऑपरेटर लोक रीळ तसंच ठेवतात आणि पुढच्या गावाला उलटं गुंडाळून घेतात. राजाबाई रिळाच्या शेवटाला होती. म्हणजे तसंच ठेवलं असतं तर ती सगळ्यात बाहेरच्या फेरात राहिली असती. सिद्धनाथनं बसून हातानं सगळं रीळ उलटं गुंडाळलं. राजाबाई अगदी मधी, गाभ्यात. तिच्याभोवती गजी, गजीभोवती ढोल. डब्याचं झाकण मेणकापडानं बांधून वर मेण ओतलं, आणि वाडीवर नेऊन भावाच्या पेवात, जोंधळ्याच्या पोटात ठेवला. भाऊ हसला नाही. दाणा बघावा तसा डबा बघितला आणि म्हणाला, "मदी ठेव. कडंला नगो."

पुढं तंबूही मोडला. सिद्धनाथ सोलापुरात एका थेटरात दारावर लागला. बॅटरी दाखवून लोकांना खुर्चीवर बसवायचं, खेळ सुटला की दारं उघडायची. यंत्रावर ठेवलं नाही, कारण डोळे गेले होते. मधोमध एक करडा डाग आणि भोवतीनं दिसायचं. डब्याचं त्यानं तिथल्या ऑपरेटरला विचारून बघितलं होतं. तो म्हणाला, "मामा, ती जुनी फिलम माझ्या केबिनमधी? आपल्या दोघांची राख होईल अन् मालक ती पण गोळा करणार नाही." तेव्हापासनं सिदूमामानं विषय काढला नाही. डबा पेवात होता, एवढं पुरे होतं. डाग मात्र वर्षागणिक वाढत होता. पुरता झाकायच्या आत एकदा तरी ती बघायला मिळावी, एवढंच त्याच्या मनात असायचं. ते त्यानं कुणाला बोलून दाखवलं नाही.

बहात्तरचा दुष्काळ पडला तेव्हा गावोगावची पेवं उघडली. भाऊ तोवर वारला होता. भावजय केराबाईनं पेव उपसलं. सिदूमामा भेटायला गेला तर म्हणाली, "कडंचा काळा पडला बगा, भावजी, जनावरास्नी घातला. पर मदला! काल मळल्यावाणी. त्येच्यावर खडी फोडायचे दिवस काढलं आमी."

"आन् डबा?"

"हाय की तितंच. त्यो कोण खातंय?" केराबाई म्हणाली. "रिकाम्या पेवात गाय पडंल म्हनून वरनं फरशी टाकून लिंपून टाकलंय. तुमची बायकू हाय निवांत. आमीच हितं मरतोय."

मधला दाणा चांगला निघाला, हे ऐकून सिदूमामा त्या दुष्काळात हलक्या पायानं सोलापूरला परत आला.

त्यानंतर दोन वर्षांनी पुण्याचे एक साहेब थेटरात आले. जुने पिच्चर गोळा करून जतन करायचं त्यांचं काम. धनगराच्या पिच्चरातला गजी मिळत नाही, सगळ्या कापी तुटक्या, म्हणून जुन्या तंबूवाल्यांचा माग काढत ते हिंडत होते. रेवणप्पा वारला होता. थेटरचा मॅनेजर संगप्पा म्हणाला, "साहेब, भंगारात शोधा. आमच्या सोलापुरात फिलमच्या बांगड्या झाल्या आणि त्या फुटूनसुद्धा गेल्या."

सिदूमामा दाराशी उभा होता. म्हणाला, "माज्याकडं हाय."

"काय हाय, मामा?" संगप्पा हसला. "बांगड्या?"

"गजी. आक्का."

साहेब खुर्चीतनं उठले ते बसलेच नाहीत.

दोघं वाडीवर गेले. दुपारची वेळ. केराबाई रीतीप्रमाणं पेटलेला कंदील घेऊन आली. पेवात कुबट वाफ असते, माणूस उतरला की गुदमरून मरतो. म्हणून आधी कंदील सोडायचा, तो विझला तर उतरायचं नाही. साहेबांनी ते बघितलं आणि ओरडत धावले, "अहो बाई, विझवा! आधी तो विझवा!"

केराबाई जागची हलली नाही. "दिवा न्हाई सोडला तर मानूस मरंल की वो. तुमच्या पुन्यात पेवं न्हाईत जनू."

"दिवा सोडला तर सगळी वाडी पेटेल."

"वैनी, इजव," सिदूमामा म्हणाला. "त्यांचं खरं हाय."

"मग उतरायचं कसं?"

फरशी काढून पेव रात्रभर उघडं टाकलं. दुसऱ्या दिवशी दोरीला घोंगडं बांधून विहिरीतनं पाणी ओढल्यासारखं वरखाली केलं, आतली हवा हलवली. मग कमरेला दोर बांधून सिदूमामा स्वतः उतरला. दुसरं कुणी चालणार नव्हतं. अंधारात डोळ्यांचा तसाही उपयोग नव्हता. हातानं चाचपून त्यानं डबा धरला. वर येईपर्यंत खोकला लागला होता.

डबा घोंगड्यावर ठेवला. मेणकापड सुटलं, झाकण मात्र गंजून बसलेलं. साहेबांनी ते हळूहळू फिरवून काढलं, आणि जो वास आला त्यानं केराबाईनं पदर नाकाला लावला. "काय मेलंय आत?"

साहेबांनी हातमोजे घातले. बाहेरचे फेर सुटत गेले, चिकट, कडेनं खाल्लेले, पण सुटत गेले. साहेब एक एक वीत उन्हात धरून बघत होते आणि त्यांचा चेहरा फुलत होता. "मामा! झगे दिसतायत! ढोल दिसतोय! अहो, आहे, गजी आहे!"

"आतलं बगा," सिदूमामा म्हणाला.

आणखी थोडे फेर निघाले. मग फिलम थांबली. आत गुळाच्या ढेपेसारखा एक गोळा होता, आणि त्याच्या पोटात तपकिरीसारखी भुकटी. साहेबांनी बोट लावलं तर ती बोटावर आली.

"मदलं कुटं हाय?" सिदूमामानं विचारलं. त्याला दिसत नव्हतं असं नाही. डागाच्या कडेनं दिसत होतं.

"मधलं गेलं, मामा."

"मदलं कसं जाईल? कडंचं जातंय. मदलं न्हाई जात."

साहेब समजुतीनं सांगू लागले. ही फिलम स्वतःच आतून वाफ सोडते. वाफेला बाहेर जायला वाट नसली की तीच वाफ फिलमला खाते. बाहेरच्या फेरांची वाफ डब्याच्या पोकळीत जिरली, गाभ्याला कुठंच वाट नव्हती. हिला हवा लागते. खेळता वारा लागतो.

"म्हंजे पेवात न्हाई ठिवायची."

"नाही. पण तुम्ही वाईट वाटून घेऊ नका. तुम्ही ठेवली म्हणून एवढी तरी मिळाली. शेवटचा थोडा भाग गेला असेल, पण गजी आला. आम्हाला गजीच हवा होता."

केराबाई पुढं झाली. "साहेब, पर त्या शेवटात ह्येंची—"

"वैनी," सिदूमामा म्हणाला, "च्या ठेव. साहेब सकाळधरनं उपाशी हायेत."

केराबाई त्याच्याकडं बघत राहिली. मग आत गेली आणि चुलीपुढं बसून चहाच्या पातेल्याला शिव्या देऊ लागली.

साहेबांनी चांगले फेर दुसऱ्या डब्यात, भोकं पाडलेल्या डब्यात, भरून घेतले. गोळा आणि भुकटी ठेवायची नाही म्हणाले. वाळली की धोका, कुठं तरी लांब मातीत गाडा. सिदूमामानं तो जुना डबा गोळ्याभुकटीसकट परत पेवात ठेवला. दोन दिवस तिथं राहिला आणि पाटीनं माती ओढून पेव काठोकाठ भरलं. पेव बुजवणं आमच्यात अशुभ. केराबाई एरवी भांडली असती. या वेळी तिनंही चार पाट्या टाकल्या आणि हात झटकत म्हणाली, "भावजी, ती घागर अजून हाय बरं का. बुडाला डाक लावलाय. नेता का?"

"काय करू नेऊन? पानी भर तूच."

वर्ष उलटून गेलं. साहेबांनी मुंबईत खटपट करून त्या फेरांवरनं नवी फिलम काढून घेतली, जिथं पिच्चर तुटला होता तिथं जोडली, आणि सोलापुरातच पहिला खेळ लावायचा ठरवला, सिदूमामा ज्या दारावर होता त्याच थेटरात. रविवारी सकाळी खेळ. मंगळवेढ्याकडनं ट्रक भरून धनगर आले. कुणाचा बाप त्या नाचात होता, कुणाचा आज्जा. खेळाआधी भाषणं झाली. साहेबांनी सिदूमामाला वर बोलावून शाल-नारळ दिला आणि सांगितलं की या माणसानं महाराष्ट्राचा ठेवा जपला. टाळ्या पडल्या. संगप्पा माइकवर म्हणाला, "आमचे मामा! आजपासून बॅटरी त्यांना दुसऱ्यांनी दाखवायची!" लोक हसले. पुढच्या रांगेत मामासाठी खुर्ची ठेवली होती.

तो खुर्चीवर बसला नाही. नारळ काखेत मारून आपल्या दाराशी जाऊन उभा राहिला.

गजी सुरू झाला आणि थेटर उठलं. "बिरोबाच्या नावानं चांगभलं!" भंडारा उधळला गेला, संगप्पाच्या खुर्च्या पिवळ्या झाल्या. एक म्हातारा ओरडत होता, "त्यो बग माजा बा! उजवीकडनं दुसरा! त्यो बग कसा पाय टाकतोय!" आणि रडत होता. फिलमवर खोलवर ओरखडे होते, ढोलाचा आवाज फाटत होता, पण माणसं नाचत होती. कधीची मेलेली माणसं.

सिदूमामाला मधोमध करडा डागच दिसत होता. त्यानं मान वाकडी केली आणि डोळ्याच्या कोपऱ्यातनं पडद्याची डावी कड धरली. तिथनंच यायची ती. नाच आवरत आला. धूळ बसली. डाव्या अंगानं कोकरू आलं, चार पावलं पळालं, थांबलं आणि मान मागं वळवून वर बघू लागलं. कुणी तरी मागनं यायचं असावं, तसं.

तिथं जोड होती. पडद्यावर एकदम वाडा आला, पाटील आला, बोलू लागला.

थेटरात कुणाला काही कळलं नाही. कळण्यासारखं काही नव्हतंच. एक कोकरू आलं आणि गेलं.

सिदूमामानं दार ढकललं. बाहेरचं ऊन पट्ट्यासारखं आत शिरलं आणि पडद्यावरच्या पाटलाचं अर्धं तोंड पुसून गेलं. लोक ओरडले, "ए, दार! दार लाव!"

त्यानं बाहेर होऊन दार ओढून घेतलं.

दुसऱ्या दिवशी तो संगप्पापुढं जाऊन उभा राहिला आणि सायकल स्टँडवर काम मागितलं.

"का हो मामा?" संगप्पा म्हणाला. "सत्कार झाला, आता दारावर उभं राहायची लाज वाटती काय? तिकडं उन्हात बसावं लागेल. आणि आठवडाभर तुमचाच पिच्चर आहे की आत."

"व्हय. म्हनूनच."

संगप्पाला त्यातलं काही उमगलं नाही, पण स्टँडवर माणूस हवाच होता. सिदूमामा पत्र्याच्या शेडखाली जाऊन बसला. सायकली ओळीनं लावायच्या, बिल्ला द्यायचा, बिल्ला घ्यायचा. हे काम हाताच्या अंदाजानं होतं. तिथनं पडदा दिसत नाही. ढोल मात्र भिंतीपलीकडनं ऐकू यायचा. तो वाजायला लागला की सिदूमामा उठून उगाच सगळ्या सायकली काढायचा आणि पुन्हा लावायचा.